सामाईक वाटेचा वाद आणि तालुका न्यायालयातील मध्यस्थी : अनुभव व अभिप्राय

रत्नागिरी जिल्ह्यातील आमच्या वाडीत डांबरी रस्त्यापासून घराच्या खळ्यापर्यंत, म्हणजे अंगणापर्यंत, येणारी वाट शेजारच्या काकांच्या आगराच्या (बागेच्या) कडेने येते. ती सुमारे ४६ मीटर लांबीची आहे. आजोबांच्या काळापासून आमच्या घरची माणसे, गुरे, आंब्याच्या पेट्या, गणपती आणि शिमग्यातील पालखी याच वाटेने आली आणि गेली. नोव्हेंबर २०२२ मध्ये काकांनी त्या वाटेवर जांभ्या चिऱ्यांचा नवा गडगा (दगडी कुंपण) घातला. रस्त्याच्या तोंडाशी दहा फूट असलेली वाट त्यामुळे जेमतेम तीन फुटांवर आली आणि बेड्याला, म्हणजे वाटेच्या फाटकाला, कुलूप लागले. घरात माझी ७८ वर्षांची आई एकटी राहत होती. त्या वादात मी तालुका न्यायालयातील मध्यस्थीची सेवा घेतली. तिच्याविषयी हा अभिप्राय सविस्तर लिहीत आहे, कारण अशा वादात अडकलेल्या माणसाला वकिलांचे, महसूल कार्यालयाचे आणि भाऊबंदांचे सल्ले पुष्कळ मिळतात. या सेवेचा प्रत्यक्ष उपयोग किती होतो, हे सांगणारे मात्र मला कोणी भेटले नव्हते.

प्रथम सेवेचे स्वरूप सांगते. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८९ नुसार न्यायालय चालू दाव्यातील पक्षकारांना मध्यस्थीकडे पाठवू शकते. मध्यस्थीची ही तरतूद १ जुलै २००२ पासून लागू आहे. अफकॉन्स इन्फ्रास्ट्रक्चर विरुद्ध चेरियन वर्की या २०१० च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने कोणते वाद या मार्गाला योग्य आणि कोणते अयोग्य, याची वर्गवारी केली, आणि जेथे वादानंतरही संबंध टिकणे आवश्यक असते त्या गटात वहिवाटीचे हक्क, अतिक्रमण व उपद्रव यांवरून होणारे शेजाऱ्यांमधील वाद स्पष्टपणे घातले. त्यामुळे वाटेच्या दाव्यात मध्यस्थीची मागणी करताना संकोच बाळगण्याचे कारण नाही. मध्यस्थाचे मानधन आम्हा दोघांपैकी कोणालाही द्यावे लागले नाही. मला वकीलही विधि सेवा समितीमार्फत विनामूल्य मिळाला, कारण १९८७ च्या विधि सेवा प्राधिकरण अधिनियमाच्या कलम १२ प्रमाणे स्त्रियांना उत्पन्नाची अट न लावता ही मदत मिळते. ही गोष्ट खेड्यातील कितीतरी बायकांना ठाऊक नसते, आणि वकिलाच्या खर्चाच्या धास्तीने त्या वाट सोडून देतात, याचे मला फार वाईट वाटते.

मध्यस्थीपर्यंत पोहोचण्याआधी कोणत्या दाराशी जायचे, हा प्रश्न होता. गावात पहिला सल्ला तहसीलदारांकडे जाण्याचा मिळतो, आणि शेताच्या वाटेपुरता तो योग्यही आहे. मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ याच्या कलम ५ खाली शेतीच्या जमिनीकडे जाणाऱ्या रूढ वाटेतील अडथळा दूर करण्याचा आदेश तहसीलदार देऊ शकतात. परंतु अडथळा झाल्यापासून सहा महिन्यांच्या आत अर्ज करावा लागतो. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम १४३ चा मार्ग निराळा आहे. तेथे जुनी वहिवाट सिद्ध करण्यापेक्षा शेतकऱ्याला आपल्या शेतात जाण्यासाठी दुसऱ्या सर्व्हे नंबरच्या बांधावरून वाजवी रस्ता हवा आहे का, हे पाहिले जाते. लोक ही दोन कलमे एकाच अर्जात एकत्र करतात आणि मग अर्ज कोणत्या तरतुदीखाली आहे यावरच तारखा पडत राहतात. आमची वाट मुख्यतः राहत्या घराची होती. शिवाय मामलेदार न्यायालयाचा आदेश शेवटी दिवाणी न्यायालयाच्या निर्णयाच्या अधीन असतो. म्हणून वकिलांनी हक्क जाहीर करून मिळावा आणि गडगा काढण्याचा हुकूम व्हावा, असा दावा फेब्रुवारी २०२३ मध्ये दिवाणी न्यायालयात दाखल केला.

दाव्यात आमची बाजू किती भक्कम होती, हे प्रामाणिकपणे सांगायला हवे, कारण मध्यस्थीचे मोल त्याशिवाय कळणार नाही. भारतीय सुविधाधिकार अधिनियम, १८८२ याच्या कलम १५ प्रमाणे दुसऱ्याच्या जमिनीवरील वाट वीस वर्षे शांततेने, उघडपणे, हक्क म्हणून आणि खंड न पडता वापरली असेल, आणि ती मुदत दावा दाखल करण्यापूर्वीच्या दोन वर्षांच्या आत येऊन संपत असेल, तर वाटेचा हक्क मिळतो. येथे ‘हक्क म्हणून’ हे शब्द सर्वांत महत्त्वाचे आहेत. परवानगी घेऊन केलेला वापर कितीही वर्षे चालला तरी तो परवानगीच राहतो, आणि परवानगी काढून घेता येते. आईच्या ट्रंकेत वडिलांनी काकांना लिहिलेल्या एका चिठ्ठीची प्रत सापडली, तीत घराच्या दुरुस्तीसाठी चिऱ्यांचा ट्रक आत आणण्याची परवानगी मागितली होती. पायी जाण्यासाठी आम्ही कधी कोणाला विचारले नव्हते. वाहनासाठी मात्र विचारले होते, आणि तेही लेखी. त्याच अधिनियमाचे कलम २८ सांगते की दीर्घ वापराने मिळणाऱ्या हक्काची व्याप्ती प्रत्यक्ष वापर जेवढा होता तेवढीच असते. म्हणजे दावा पूर्णपणे जिंकलो असतो तरी डोक्यावर पेटी घेऊन चालण्याचा हक्क मिळाला असता, आईसाठी रिक्षा दारापर्यंत आणण्याचा नव्हे. दुसरी वाटच नाही म्हणून गरजेपोटी मिळणारा हक्क मागावा, तर घरामागे वरच्या आळीतून उतरणारी पायऱ्यांची पाखाडी आहे. ती आईला चढवत नाही, पण कायद्याच्या दृष्टीने ती वाट आहेच.

न्यायालयाने तात्पुरता मनाई हुकूम देऊन कुलूप काढायला लावले, काकांची कैफियत (दाव्याला लेखी उत्तर) दाखल झाली, आणि ऑगस्टमध्ये प्रकरण मध्यस्थीकडे गेले. आमच्या मध्यस्थ त्याच न्यायालयात वकिली करणाऱ्या आणि मध्यस्थीचे चाळीस तासांचे प्रशिक्षण घेतलेल्या बाई होत्या. पहिल्या बैठकीत त्यांनी दोन गोष्टी समजावून सांगितल्या. एक, त्या निकाल देणार नाहीत आणि कोणाचे खरे हेही ठरवणार नाहीत. दुसरी, येथे झालेले बोलणे न्यायालयात पुरावा म्हणून वापरता येणार नाही. तडजोड झाली नाही तर ‘तडजोड झाली नाही’ एवढाच अहवाल न्यायाधीशांकडे जाईल. या हमीला मी बांधील आहे, म्हणून काका त्या खोलीत काय बोलले ते मी येथे लिहिणार नाही. जे तडजोडपत्रात उतरले आणि ज्याला त्यांनी स्वतः संमती दिली, तेवढेच पुढे येईल.

तीन महिन्यांत पाच बैठका झाल्या. प्रत्येक बैठकीत काही वेळ दोघे एकत्र आणि काही वेळ एकेकटे, असा क्रम असे. तिसऱ्या बैठकीत मध्यस्थबाईंनी आम्हा दोघांना कोरा कागद देऊन वाटेचे चित्र काढायला सांगितले, आणि कोण, केव्हा, काय घेऊन त्या वाटेने जाते, तेही लिहायला सांगितले. दोघांच्या संमतीने ते कागद शेजारी शेजारी ठेवले गेले. दोघांनीही वाटेच्या दक्षिण कडेला फणस काढला होता. नवा गडगा त्या फणसाच्या आत, वाटेच्या बाजूला होता. पंधरा पाने दावा आणि बारा पाने कैफियत लिहून जी गोष्ट कोणी मान्य केली नव्हती, ती त्या दोन कागदांवर आपसूक मान्य झाली होती. मी शाळेत भूगोल शिकवण्यात आयुष्य घालवले आहे. नकाशा माणसाला खरे बोलायला लावतो, हा माझा जुना विश्वास आहे, पण तो माझ्याच दारात खरा ठरेल असे वाटले नव्हते.

या सेवेचा सर्वांत मोठा गुण म्हणजे तिला हक्काच्या मर्यादेत अडकून राहावे लागत नाही. न्यायालय मागितलेले आणि कायद्याने सिद्ध झालेले तेवढेच देऊ शकते. मध्यस्थीत मात्र ‘वाट कोणाची’ हा प्रश्न थोडा वेळ बाजूला ठेवून ‘वाट कशासाठी हवी’ आणि ‘ती दिली तर तुमचे काय बिघडते’ हे विचारले जाते. तडजोडपत्रात शेवटी पुढीलप्रमाणे ठरले. वाट सर्वत्र अडीच मीटर रुंद राहील. तीवरून रिक्षा, मोटार आणि हंगामात आंब्याचा टेम्पो जाईल. त्याहून मोठे वाहन केवळ घराच्या दुरुस्तीच्या वेळी, आधी सांगून आणता येईल. जमिनीची मालकी काकांचीच राहील आणि आम्ही वाटेवर बांधकाम करणार नाही. मार्च ते मे या काळात आंब्यांच्या राखणीसाठी रात्री बेड्याला कुलूप राहील आणि त्याची एक किल्ली आमच्याकडे असेल. याच्या बदल्यात आमच्या विहिरीवरून काकांच्या खालच्या आगरात जाणारी पाण्याची नळी आमच्या हद्दीतून, जमिनीखालून न्यायची. ही नळी दाव्यात कोठेही नव्हती. तिच्यावर कोणत्याही न्यायाधीशाला निर्णय देता आला नसता, आणि तिच्याशिवाय मला वाहनाची वाट मिळाली नसती. पालखीचेही एक कलम आहे : शिमग्यात पालखी येईल तेव्हा, गणपती आणताना व विसर्जनाला नेताना, आणि कोणत्याही घरात मृत्यू झाल्यास वेळेचे व कुलपाचे कोणतेही बंधन राहणार नाही. ते कलम काकांनी सुचवले होते, आणि ते येथे लिहिण्यास त्यांची परवानगी आहे.

आता उणिवा. पहिली आणि गंभीर उणीव तडजोडपत्राच्या मसुद्याची होती. सर्व काही बोलून ठरल्यावर जो कच्चा मसुदा आमच्या हाती आला, त्यात वाटेविषयी एकच वाक्य होते : ‘पूर्वापार वाट पूर्ववत चालू ठेवण्याचे उभयपक्षी ठरले आहे.’ संपूर्ण वाद ‘पूर्वापार’ आणि ‘पूर्ववत’ या दोन शब्दांचाच होता. असा कागद घेऊन दहा वर्षांनी कोणी अंमलबजावणीची दरखास्त लावली, तर नेमके किती फूट मोकळे करून द्यायचे, हे न्यायालयाचा बेलिफही सांगू शकणार नाही. मी आणि माझ्या वकिलांनी सही करण्यास नकार दिला. त्या दिवशी सर्वांनाच घाई होती आणि माझ्या हट्टाबद्दल थोडी नाराजीही दिसली, तरी पुढची तारीख घेऊन आम्ही भूमी अभिलेख कार्यालयाकडून हद्दकायम मोजणी करून घेतली. मोजणीची फी दोघांनी निम्मी निम्मी भरली. मोजणीच्या नकाशाच्या ‘क’ प्रतीवरून वाटेची आकृती काढून ती तडजोडपत्राला जोडली, आणि दोन्ही सर्व्हे नंबर, हिस्सा नंबर, वाटेची लांबी, दोन्ही टोकांची रुंदी, फणसापासूनचे अंतर, पावसाळ्यापूर्वी गटार काढण्याचा खर्च, आणि हे सर्व दोघांच्या वारसांवर व पुढील खरेदीदारांवर बंधनकारक राहील, हे एकेका कलमात लिहून घेतले. ही सेवा घेणाऱ्या प्रत्येकाला माझी कळकळीची विनंती आहे की मोजणीचा नकाशा जोडल्याशिवाय वाटेच्या तडजोडीवर सही करू नये, समोरचा माणूस कितीही चांगला असला तरी. आज सही करणारी दोन माणसे एकमेकांना ओळखतात. कागद मात्र त्यांच्या नातवंडांना वाचायचा असतो.

मसुद्यातील आणखी एक बाब वकिलांनी वेळेवर लक्षात आणून दिली. तडजोडीच्या हुकूमनाम्यात (न्यायालयाच्या अंतिम आदेशात) दाव्याच्या विषयाबाहेरील स्थावर मिळकतीत हक्क निर्माण होत असेल, तर १९०८ च्या नोंदणी अधिनियमाखाली तेवढ्या भागासाठी नोंदणीचा प्रश्न उभा राहतो. आमची पाण्याची नळी नेमकी अशी दाव्याबाहेरची होती. म्हणून तिच्यासाठी वेगळा दस्त करून तो दुय्यम निबंधकांकडे नोंदवला. मध्यस्थी केंद्रात ही माहिती स्वतःहून दिली जायला हवी होती. ज्यांचा वकील इतका जागरूक नसेल त्यांचे काय, हा विचार मला आजही अस्वस्थ करतो.

दुसरी उणीव जागेच्या पाहणीची. पाच बैठकांत मध्यस्थ एकदाही वाटेवर आल्या नाहीत; तशी व्यवस्थाच तेथे नव्हती. छायाचित्रांवर काम भागले, पण छायाचित्रात चढ कळत नाही, आणि आईच्या अडचणीचे मूळ त्या चढात होते. चालू दाव्यात कोर्ट कमिशनर नेमून पाहणी करता येते, हे खरे. तो अहवाल मात्र पुराव्यासाठी असतो, समजुतीसाठी नव्हे. वाटेच्या वादात एक बैठक वाटेवरच व्हावी, अशी लेखी सूचना मी समितीकडे दिली आहे. तिसरी उणीव लहान असली तरी त्रासदायक आहे : बैठकीची खोली मार्गिकेला लागून असल्याने बाहेरच्या माणसांना आतले शब्द ऐकू जात, आणि गोपनीयतेची हमी ऐकून मन मोकळे करायला बसलेला माणूस दाराकडे पाहून आवाज उतरवत असे. एकदा काका आजारी असल्याने आले नाहीत, आणि ते मला चाळीस किलोमीटर एसटीने गेल्यावर समजले. फोन करण्याची जबाबदारी कोणा एकावर सोपवली असती, तर एवढा त्रास झाला नसता.

डिसेंबर २०२३ मध्ये न्यायालयाने दोघांना उभे करून तडजोड समजल्याची आणि मान्य असल्याची खात्री केली, आणि तिच्या आधारे हुकूमनामा केला. येथे एक तपशील लक्षात ठेवण्यासारखा आहे. गडगा काढून टाकण्यासारखी कृती करायला लावणाऱ्या हुकूमनाम्याची दरखास्त तीन वर्षांत द्यावी लागते. कायमच्या मनाई हुकुमाला मात्र अशी मुदत नसते. म्हणून आमच्या तडजोडीत गडगा काढण्यासाठी ३१ जानेवारी २०२४ ही तारीख घातली, आणि पुढे वाट न अडवण्याचे कलम कायमच्या मनाईच्या शब्दांत लिहिले. गडगा काकांनी तारखेच्या आत काढला. चिरे त्यांनी आपल्या हद्दीत, मोजणीच्या खुणांवर, पुन्हा रचले; आमच्या घरच्यांनीही दोन दिवस हात लावला. हुकूमनाम्याची प्रमाणित प्रत ग्राम महसूल अधिकाऱ्यांकडे देऊन सातबाराच्या ‘इतर हक्क’ सदरात वाटेची नोंद घेण्यास सांगितले. ती नोंद प्रमाणित होईपर्यंत पाठपुरावा आपणच करावा लागतो. न्यायालयातून महसूल दप्तरात कोणताही कागद आपणहून जात नाही.

दावा दाखल करण्याआधीच तालुका विधि सेवा समितीकडे अर्ज करून दाखलपूर्व प्रकरण म्हणून लोकअदालतीसमोर जाता येते, हे मला उशिरा समजले. तेथे झालेल्या निवाड्याला दिवाणी हुकूमनाम्याचेच बळ असते आणि त्यावर अपील होत नाही. चालू दावा तेथे मिटला तर भरलेले न्यायालय शुल्क परत मिळण्याचीही तरतूद आहे. तरीही, एका दिवसात शेकडो प्रकरणे चालणाऱ्या लोकअदालतीपेक्षा वाटेसारख्या वादाला मध्यस्थीच्या निवांत बैठका अधिक मानवतात, असे माझे मत झाले आहे. चौकशी करायची असल्यास विधि सेवेचा १५१०० हा दूरध्वनी क्रमांक देशभर चालतो.

ही सेवा मी प्रत्येकाला सुचवणार नाही. ज्या ठिकाणी समोरचा माणूस वाटेवर उद्याच पक्के बांधकाम उभे करणार आहे, तेथे आधी मनाई हुकूम घ्यावा आणि मगच मध्यस्थीचे बोलावे. नाहीतर बैठकांच्या तारखा पडत असताना भिंत छपरापर्यंत जाते. शेताच्या वाटेचा अडथळा ताजा असेल, तर तडजोडीच्या आशेवर सहा महिन्यांची मुदत हातची जाऊ देऊ नये. अर्ज दाखल करून ठेवावा आणि बोलणी चालू ठेवावीत, त्यात विश्वासघात काही नाही. समोर बिल्डर असेल, ज्याला शेजारी म्हणून राहायचेच नाही, तर मध्यस्थीत मागण्यासारखे फारसे काही उरत नाही. परंतु ज्यांना त्याच वाडीत, त्याच पाणवठ्यावर आणि त्याच देवळात आयुष्यभर भेटायचे आहे, त्यांनी साक्षीपुराव्याच्या आधी ही पायरी अवश्य चढावी. उलटतपासणीत एकमेकांना खोटे पाडल्यानंतर एकमेकांचा फणस मान्य करणे फार कठीण जाते.

तडजोडीनंतर दोन पावसाळे गेले. तडजोड झाल्यावर या सेवेकडून एकदाही विचारणा झाली नाही. सहा महिन्यांनी एक पत्र आले असते तरी बरे वाटले असते. पहिल्या जूनमध्ये गटार काढण्याच्या खर्चावरून पुन्हा बोलाचाली होते की काय अशी भीती मला वाटली, कारण मजुरी ठरल्यापेक्षा जास्त झाली होती. मी कागद घेऊन काकांकडे गेले. त्यांनी सातवे कलम काढून वाचले, चष्मा पुसून पुन्हा वाचले आणि म्हणाले, “बाय, यात निम्मे निम्मे लिवलंय, मग इचारतेस कशाला?” त्यांनी आपल्या वाट्याचे पैसे दिले, आणि आईला तालुक्याच्या दवाखान्यात नेण्यासाठी बोलावलेली रिक्षा थेट खळ्यात येऊन उभी राहिली.